धनी नसलेले आवाज

४ मार्च, मंगळवार

बाबा नाही म्हणाले! सर्जनसमोर गोगलगायीसारखे गप्प बसले, मान डोलावली, कागद घेतले, हात जोडले. आणि बसमध्ये बसल्यावर अख्ख्या बसला ऐकू जाईल अशा आवाजात — "बयो, अजून आवाज आलेला नाही. आवाजाशिवाय मी जाणार नाही."

माणसं वळून बघायला लागली. मी खिडकीबाहेर बघत बसले.

हृदयाच्या तीन नळ्या तुंबल्यात. सर्जननी कागदावर चित्र काढून दाखवलं. शस्त्रक्रियेसाठी चोवीस तारीख दिलीय. अठरापर्यंत होकार कळवायचा, नाहीतर ती जागा दुसऱ्याला जाणार आणि आपण थेट मे महिन्यात. मला बाजूला घेऊन म्हणाले, "मेपर्यंत थांबणं मला धोक्याचं वाटतं. घरी समजावा त्यांना."

समजावा म्हणे! आमचं घोडं कुठं अडलंय ते त्यांना सांगितलं असतं तर मलाच दाखल करून घेतलं असतं. मला स्वप्न पडत नाही म्हणून बाबा शस्त्रक्रिया करून घेत नाहीयेत.

५ मार्च, बुधवार

डोकं ठिकाणावर राहावं म्हणून सगळं एकदा लिहून काढते. वाचणार कोण आहे?

बाबा रेडिओ दुरुस्त करायचे. चाळीस वर्षं. उघडायच्या आधी कान लावून सांगायचे, कुठं बिघडलंय ते. त्यातूनच हे खूळ निघालं. त्यांचं म्हणणं असं की जागेपणी डोळे फार लुडबुड करतात. आणि स्वप्नाबद्दलही लोक दिसलेलंच सांगत बसतात — साप दिसला, विहीर दिसली. ऐकू काय आलं ते कुणी सांगत नाही. खरा मजकूर तिथंच असतो! म्हणून आमच्या घरात सकाळी चहाच्या आधी प्रत्येकाला विचारायचे, "काय ऐकलं?" आणि वहीत लिहून त्याचा अर्थ लावायचे. बाकीच्या घरांत मुलांना दात घासलेस का म्हणून विचारतात.

नियम मला झोपेतून उठवलं तरी म्हणता येतील. ज्याचा आवाज आहे ते स्वप्नात दिसलं, म्हणजे गाडीचा आवाज आला आणि गाडीही दिसली, तर तो आवाज रद्द. बाबा त्याला धनी म्हणतात. धनी दिसला की आवाज फुकट गेला. धनी नसलेला आवाजच खरा. तो डावीकडून आला तर होऊन गेलेल्या गोष्टीचा. उजवीकडून आला तर येणाऱ्या गोष्टीचा. खालून आला तर शरीराचा. आणि सगळ्यात महत्त्वाचं — आवाज स्वप्नातच आपला आपण थांबला तर 'जा'. जाग आल्यामुळे मधेच तुटला तर 'थांब'.

आणि हा शेवटचा नियम, ज्यानं माझा जीव खाल्लाय. स्वतःच्या शरीराबद्दल स्वतःचं स्वप्न चालत नाही. त्याच छपराखाली झोपणाऱ्या दुसऱ्या कुणीतरी ऐकायला हवं.

आई गेली. धाकटा बायकोमुलांसह दुसऱ्या शहरात. छपराखाली उरलं कोण? अस्मादिक!

६ मार्च, गुरुवार

धाकट्याचा फोन. "तायडे, अगं सांगून टाक ना खोटं! खालून आला, आपला आपण थांबला. दोन वाक्यं! लहानपणी काय करायचो आपण?"

खरं आहे. सहलीला जायचं असलं की आम्ही आदल्या दिवशी जिन्यात बसून आवाज वाटून घ्यायचो. तो पाण्याचा घ्यायचा, मी शिट्टीचा. एकदा गधड्यानं ऐन वेळी माझी शिट्टी सांगून टाकली. मला दुसरं काही सुचेना, मीही शिट्टीच सांगितली. बाबांना केवढा आनंद! एका छपराखाली दोघांना एकच आवाज! वहीत दोन रेघा मारून ठेवल्या आणि आमच्या पिशव्या स्वतः भरून दिल्या.

"मी नाही खोटं बोलणार," म्हटलं.

"एवढी कधीपासून सत्यवादी झालीस?"

फोन बाबांना देऊ का विचारलं, तर तोच म्हणाला, नको, ते नुसतं "बरं बरं" करून ठेवून देतात.

नऊ वर्षांपूर्वी मी कानाला खडा लावलाय. का, ते त्याला माहीत नाही.

७ मार्च, शुक्रवार

"काय ऐकलं?" मी मान हलवली. वहीत आडवी रेघ. नऊ वर्षं, रोज एक आडवी रेघ.

९ मार्च, रविवार

दुपारभर झोपायचा प्रयत्न. डाव्या कुशीवर. उजव्या कुशीवर. पालथी. खिडकी उघडून, खिडकी लावून. उठून पाणी प्याले, पुन्हा आडवी झाले. झोप अशी मागून मिळते का कुठं? तासाभरानं डोळा लागला आणि चक्क स्वप्न पडलं! मी एका जिन्यात माझा दुसरा बूट शोधत होते. जिना स्वच्छ दिसला, बूट दिसला, बुटाची नाडीसुद्धा दिसली. आवाज? नावाला नाही. पावलांचाही नाही.

उठून चहा केला. बाबा गॅलरीत पाठमोरे बसले होते. चार हाका मारल्या. ढिम्म हलले नाहीत! म्हणजे आता रुसवा. पोरगी साधं एक स्वप्न बघू शकत नाही म्हणून. मीही मग कप त्यांच्यासमोर असा आपटला की चहा बशीत आला. त्यांनी बशीतला चहा पिऊन टाकला आणि म्हणाले, "छान झालाय."

कसला हट्टी म्हातारा!

११ मार्च, मंगळवार

दवाखान्यात आज एकवीस जणांचे कान तपासले. आमचं काम तसं सोपं. माणसाला काचेच्या खोलीत बसवायचं, कानाला हेडफोन लावायचे, हातात बटण द्यायचं. मी बाहेरून बारीक बारीक सूर सोडते. ऐकू आला की त्यांनी बटण दाबायचं, माझ्याकडे दिवा लागतो. मग तक्त्यावर खूण करते — उजव्या कानाला लाल गोल, डाव्याला निळी फुली. अठरा वर्षं गोल आणि फुल्या काढतेय.

आज एक आजी होत्या. सून काचेतून डोळे वटारून बघत होती. आजींचा दिवा लागतोय, विझतोय, लागतोय — आणि मी सूर सोडलेलाच नाही! आत जाऊन म्हटलं, "आजी, मी काहीच वाजवलं नव्हतं हो."

"मग तू अशी वाट बघत का बसली होतीस?" आजी म्हणाल्या. "म्हटलं, दाबते. तेवढंच तुला बरं वाटेल."

डॉक्टरीणबाई पोट धरून हसल्या. मीही हसले. मग बाथरूममध्ये जाऊन तोंड धुतलं.

संध्याकाळी बाबा पाव आणायला खाली उतरले. वर येताना तीन वेळा थांबले. मी दारातून मोजलं. ओठ निळसर झाले होते. "काही नाही गं, पायऱ्या वाढल्यात," म्हणाले. केवढ्यानं हसले स्वतःच्याच विनोदावर.

१३ मार्च, गुरुवार

लिहूनच टाकते.

नऊ वर्षांपूर्वी आईच्या पोटात गाठ निघाली. डॉक्टर म्हणाले, लगेच काढू. तेव्हाही हेच — आईचं स्वप्न चालणार नाही, बाबा तर कधी स्वप्न सांगायचेच नाहीत, ते फक्त लिहून घ्यायचे. धाकटा तेव्हाही दुसऱ्या शहरात. उरले मी. त्या रात्री मला आवाज आला होता. खराखुरा. खालून, कुणीतरी जड पेटी ओढत नेल्यासारखा. आणि तो आपला आपण थांबला. म्हणजे 'जा'.

सकाळी मी सांगितलं, तुटला. जाग आली आणि तुटला.

का? तर मी भ्याले होते. आई त्या दारातून आत गेली की परत येणार नाही, असं मनानं घेतलं होतं माझ्या. घरात आहे तोवर आहे, एवढंच कळत होतं. एकतीस वर्षांची घोडी आणि अक्कल ही! बाबांनी लिहिलं — थांब. आई म्हणाली, बरं झालं बाई, मलाही नव्हतंच जायचं. सहा आठवडे घरात होती. सातव्याला गेली.

नंतर एका डॉक्टरांना विचारलं. "तेव्हा काढली असती तर कदाचित वाचल्या असत्या. कदाचित नसत्याही." त्या दोन कदाचितांमध्ये मी नऊ वर्षं लटकतेय. त्या दिवसापासून मला आवाजच आला नाही. आणि बोलणंही आटलं. बाबा विचारतात, मी मान हलवते. जेवायला वाढते, ते जेवतात. दोन माणसं एका घरात किती कमी बोलून राहू शकतात, ते आमच्याकडे येऊन बघावं.

१४ मार्च, शुक्रवार

भांडले. भांडले म्हणजे मी एकटीच भांडले. स्वयंपाकघरातून, भांडी घासता घासता — "मरायचंय का तुम्हाला? माझ्या डोक्यावर खापर फोडून मरायचंय? स्वतःला वाटत नाही का जगावंसं?"

उत्तर नाही. हात पुसत बाहेर आले तर जुना रेडिओ पुढ्यात उघडून बसलेले. हल्ली चालू करत नाहीत, नुसता उघडून फडक्यानं पुसतात. माझ्याकडे बघून म्हणाले, "जेवायचं का?"

इतकं ऐकून न ऐकल्यासारखं करणारा माणूस मी जन्मात पाहिला नाही.

१५ मार्च, शनिवार

धाकटा पुन्हा फोनवर. या वेळी चिडलाच. "तुझ्या तत्त्वापायी बाप जाईल, तायडे."

फोन आपटला. मग वाटलं, बरोबर बोलतोय. मग वाटलं, नाही. मग अख्खं कपाट रिकामं करून पुन्हा लावलं.

१६ मार्च, रविवार

काही नाही. आडवी रेघ. परवा अठरा.

१७ मार्च, सोमवार

आला! देवा, आला!

पहाटेचं स्वप्न. मी एका लांबच लांब खोलीत उभी, खोलीत काही नाही, आणि जमिनीखालून कात्रीचा आवाज. जाड कापड कापत जाणारी मोठी कात्री. कर्र कर्र, एका लयीत, घाई नाही. मी वाकून बघितलं, कात्री दिसत नव्हती. धनी नाही! मला स्वप्नात कळत होतं की हा खरा आहे, हा खालचा आहे, हा बाबांचा आहे. मी श्वास रोखून उभी. आता थांबेल. आता आपला आपण थांबेल. थांब ना रे बाबा!

आणि घड्याळाचा गजर.

गजर मीच लावलेला, सहाचा. कामावर जायचं म्हणून. गादीवर उठून बसले तेव्हा अंग घामानं भिजलं होतं. तुटला. नऊ वर्षांनी आलेला एकुलता एक आवाज, तो मधेच तुटला. गजरानं तुटला म्हणून सूट नाही. लहानपणी धाकट्यानं विचारलं होतं, मांजरानं उठवलं तर? तेव्हा बाबा म्हणाले होते, "तुटला तो तुटला. कुणी तोडला हे वहीला विचारायचं नाही."

थांब.

बाहेर आले. बाबा टेबलाशी, वही उघडलेली, चष्मा कपाळावर. "काय ऐकलं?"

मी मान हलवणार होते. शपथ! मान हलवली असती तर खोटंही नाही आणि खरंही नाही. पण त्यांचे ओठ दिसले. तो निळा रंग. आणि मी बोलत सुटले. खोली सांगितली, लांबी सांगितली, कात्री सांगितली. खालून आला, बाबा, अगदी खालून, धनी नव्हता, मी वाकून बघितलं, नव्हता. आणि मग कापड संपलं आणि कात्री आपली आपण थांबली. मिटल्याचा आवाजसुद्धा आला, बाबा. टक् करून. मी तिथंच उभी होते, मग किती तरी वेळ शांत होतं, जाग नंतर आली. पुष्कळ नंतर. तुम्ही जायचं, बाबा. जायचंच. एवढं बोलता बोलता रडायलाच लागले. नाक पुसायला पदर नाही की रुमाल नाही, बाहीलाच पुसलं.

दवाखान्यात मी शिकाऊ मुलींना शिकवते — खोटं बटण दाबणारा जास्त वेळा दाबतो, म्हणून ओळखू येतो. आणि स्वतः काय केलं? दाबतच सुटले.

बाबा माझ्या तोंडाकडे टक लावून बघत होते. मग वही ओढली आणि काहीतरी लिहिलं. लिहिताना बघायचं नाही, हाही नियम. वही मिटली.

"ठरलं," म्हणाले. "कळव त्यांना. जाऊ."

१८ मार्च, मंगळवार

कळवलं. चोवीस नक्की. धाकटा म्हणाला, "शाब्बास, तायडे! एवढंच तर होतं."

एवढंच होतं, होय! आईच्या वेळी 'जा' आला आणि मी थांबवलं. बाबांच्या वेळी 'थांब' आलाय आणि मी पाठवतेय. माझ्याइतकी उलट्या काळजाची बाई शोधून सापडायची नाही.

२० मार्च, गुरुवार

मी या सगळ्यावर विश्वास ठेवते का? कात्री ही कात्री, झोप ही झोप. शिकलेली बाई मी. मग अन्न का उतरत नाही घशाखाली?

दिवसभरात तीन वेळा सांगायला गेले. एकदा त्यांच्या खोलीच्या दारापर्यंत. ते आरशासमोर दाढी करत होते, पाठमोरे. म्हटलं, "बाबा, एक सांगायचं होतं." वळलेच नाहीत. बरं झालं, असं वाटलं आणि परत फिरले. भित्री ती भित्रीच.

२३ मार्च, रविवार

धाकटा आला. दाखल केलं. बाबा पिशवी भरताना मजेत होते, गावाला निघाल्यासारखे. सर्जन आले, भराभर समजावून गेले, बाबा "बरं बरं" म्हणाले. सही केली. धाकट्याला म्हणाले, "बयोनं सांगितलंय. आता काळजी नाही."

मी पिशवीतले कपडे काढून पुन्हा घड्या घालत बसले.

२४ मार्च, सोमवार

साडेसातला नेलं. धाकटा फेऱ्या मारतोय. मी लिहितेय म्हणजे नुसत्या रेघोट्या ओढतेय. साडेनऊ. अकरा. भिंतीवरचं घड्याळ बंद पडलंय असं वाटून एकाला विचारलं, तर चालू होतं. बारा वाजून दहा.

एक.

झालं. व्यवस्थित झालं! जिवंत आहेत! सर्जन कपाळ पुसत बाहेर आले आणि मी त्या परक्या माणसाचे दोन्ही हात धरले. धाकटा लहान मुलासारखा रडला.

२७ मार्च, गुरुवार

अजून काचेपलीकडेच आहेत. आत जाऊ देत नाहीत. मी इकडून हात हलवते, ते तिकडून. धाकटा कालच परत गेला.

म्हणजे 'थांब' खोटा ठरला? मग आईच्या वेळचा 'जा' तरी खरा कशावरून? की तुटलाच नसता, गजर नसता तर? चालता चालता हेच. भाजी घेता घेता हेच. पैसे देऊन भाजी तिथंच ठेवून आले.

सांगून टाकायचं. दोन्ही. आईचंही. साध्या खोलीत आणले की पहिल्याच दिवशी.

३१ मार्च, सोमवार

सांगितलं. आज साध्या खोलीत आणलं. ते खिडकीकडे तोंड करून पडले होते, मी मागे खुर्चीवर. समोरासमोर हिंमत झाली नसती. सगळं सांगितलं. पेटी ओढल्याचा आवाज, आई, भीती, कात्री, गजर. अर्धा तास तरी बोलत होते. शेवटी म्हटलं, "बाबा, काहीतरी बोला. शिव्या द्या हवं तर."

शब्द नाही. कायमचा तुटला हा माणूस, असं वाटून रडायला लागले.

तेवढ्यात नर्स आली. "अहो ताई, पाठीमागून काय बोलताय? आजोबांना कुठं ऐकू येतं! समोर आलं की ओठ बघून चार शब्द कळतात, बस. आम्ही पहिल्या दिवसापासून चिठ्ठीवरच लिहून दाखवतो." उशाशी गठ्ठा होता. कूस बदला. दुखतंय का. खोकून दाखवा.

अठरा वर्षं गोल आणि फुल्या काढते मी! मी!

समोर जाऊन बसले. ते ओशाळं हसले. "रेडिओवाल्याचा कान गेला म्हणून कुणाला सांगायचं? दोन-तीन वर्षं झाली. तुला तर मुळीच सांगणार नव्हतो."

मी एक चिठ्ठी ओढली आणि लिहिलं — मग त्या सकाळी मी काय सांगितलं?

त्यांनी चष्मा लावून दोनदा वाचलं.

"कुणास ठाऊक," म्हणाले. "पण नऊ वर्षं नुसती मान हलवायचीस. त्या दिवशी केवढी बोललीस, बयो! रडलीससुद्धा. म्हटलं, हिला मी अजून हवा आहे."